आण्णा केस हरले नव्हते

गावाकडच्या घराची कौलं यंदा उतरवली. त्या निमित्ताने माळ्यावरची पत्र्याची पेटी खाली आली. पेटीत आजोबांच्या, म्हणजे आण्णांच्या, केसचे कागद. सातबाराचे जुने उतारे, वकिलांची पोस्टकार्डं, आणि तळाशी सुतळीत बांधलेली निकालाची नक्कल.

लहानपणापासून घरात एकच ऐकत आलो : "आण्णा वरच्या कोर्टात हरले, म्हणून विहिरीवरचं पाऊण एकर गेलं." नक्कल दीड पानाची. दोनदा वाचली. आण्णा हरले असं त्यात कुठेही लिहिलेलं नाही. पाऊण एकर कोणाचं, बांध कुठून जातो, साक्षीदार खरं बोलला की खोटं, यावर एक अक्षर नाही. लिहिलंय ते इतकंच, की जाबदेणार मयत झाले, त्यांचे वारस मुदतीत रेकॉर्डवर आणले नाहीत, उशीर माफ करायला पुरेसं कारण दिसत नाही, सबब अपील अबेट झाल्याने निकाली.

म्हणजे आण्णांचं म्हणणं वरच्या कोर्टात कोणी ऐकलंच नव्हतं.

जाबदेणार कोण? तर आण्णांचेच चुलतभाऊ. बोलणं बंद होतं, पण भाऊ गेला म्हटल्यावर आण्णा दहाव्याला नदीवर गेले, तेराव्याला जेवून आले. भाऊ वारला हे सगळ्या गावाला माहीत होतं. फक्त ते कोर्टाला कळवायचं असतं, अर्ज करून पोरांची नावं लावायची असतात, आणि त्यालाही मुदत असते, हे आण्णांना कोणी सांगितलं नाही. दोन वर्षांनी अपील बोर्डावर आलं तेव्हा समोरच्या वकिलाने उठून सांगितलं. मग घाईघाईत माफीचा अर्ज. त्याला उत्तर आलं, की अपीलवाले स्वतः दहाव्याला हजर होते, मृत्यू माहीत नव्हता असं ते म्हणूच शकत नाहीत. भाऊबंदकी बाजूला ठेवून माणूस पिंडाला गेला आणि तेच त्याच्या विरोधात पुरावा ठरलं. त्याच्याही वर जायला पैसे उरले नव्हते.

मी वकील नाही. पण ही नक्कल काही डोक्यातून जाईना, म्हणून या मुदतीच्या कायद्याचा इतिहास वाचत बसलो. जे कळलं ते इथे मांडतोय. पोस्ट लांब आहे, पण घरात कोर्टाची एखादी फाईल असेल तर वाचा.

आधी काय होतं?

मराठेशाहीत जमिनीचे, वतनाचे निवाडे गोतसभा, देशकसभा, मजलस अशा ठिकाणी व्हायचे. सुरुवातीलाच दोन्ही पक्ष 'राजीनामा' लिहून द्यायचे. आज आपण नोकरी सोडताना देतो तो नव्हे. 'होईल तो निवाडा आम्हाला राजी आहे' असा कागद. जामीनही द्यावा लागे. निकाल लागला की जिंकणाऱ्याकडून सरकार 'हरकी' घ्यायचं, हरणाऱ्याकडून 'गुन्हेगारी'. आणि हरणारा जिंकणाऱ्याला 'यजितखत' लिहून द्यायचा : माझा दावा खोटा ठरला, यापुढे मी भांडणार नाही.

यजितखतावर मी जरा थांबलो. हरलेला माणूस आपलं हरणं लिहून देतो, म्हणजे आपण का हरलो ते त्याला कळलेलं असतं. आमच्या पेटीतल्या दीड पानाच्या अगदी उलट.

पण जुनं ते सगळं सोनं नव्हतं, हेही सांगायला पाहिजे. मुदतीचं पक्कं बंधन नसल्यामुळे वतनाची भांडणं पिढ्यान्‌पिढ्या चालायची. नवा अंमलदार आला की जुना निवाडा उकरायचा. आजोबाने जिंकलेलं नातवाला पुन्हा जिंकावं लागायचं. जिंकलेल्या माणसालाही कधीतरी निवांत झोप लागली पाहिजे. मुदतीच्या कायद्यामागचं मूळ कारण हे, आणि ते रास्त आहे.

घड्याळ आलं ते असं

पेशवाई गेल्यावर एल्फिन्स्टनच्या काळात, १८२७ साली, मुंबई इलाख्याचे नियम एकत्र छापले गेले. त्यातल्या पाचव्या नियमात मुदतीच्या तरतुदी आल्या. मग १८५९ साली साऱ्या ब्रिटिश हिंदुस्थानासाठी दोन कायदे झाले : आठवा कायदा दिवाणी कामकाजाचा, चौदावा मुदतीचा. आजची दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ ची आणि मुदतीचा कायदा १९६३ चा, पण दोन्हींचं मूळ तिथलं.

या १८५९ च्या मुदतीने आपल्या भागात काय केलं, ते प्रत्येक मराठी माणसाने वाचावं असं आहे. साध्या कर्जरोख्याची मुदत तीन वर्षं झाली. हेतू चांगला होता : सावकाराने वर्षानुवर्षं व्याज चढवत बसू नये. झालं उलटं. तीन वर्षं भरत आली की सावकार कुळाला बोलवायचा, मुद्दल अधिक व्याज मिळून नवा रोखा लिहायचा आणि अंगठा घ्यायचा. दर तीन वर्षांनी व्याजाचं मुद्दल व्हायला लागलं. कुळ कोर्टात यायचंच नाही. समन्स कळायचं नाही, किंवा कळलं तरी तालुक्याला जायची हिंमत नसायची. एकतर्फी हुकूमनामा व्हायचा आणि बेलिफ दारात यायचा.

१२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात बाजाराच्या दिवशी लोक उठले. पुणे आणि नगर जिल्ह्यांत ते लोण पसरलं. आपण त्याला दख्खनचे दंगे म्हणतो. त्या लोकांनी काय मागितलं बघा. मुख्यतः कागद. रोखे आणि वह्या मागून घ्यायच्या आणि जाळायच्या. आपल्याला मारतंय ते कागदावरचं घड्याळ, हे त्यांना नेमकं कळलं होतं.

सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ साली दख्खन कृषक सहाय्यता कायदा आला. सुरुवातीला पुणे, सातारा, सोलापूर, नगर या चार जिल्ह्यांसाठी. त्याने शेतकऱ्यांच्या कर्जाच्या दाव्यांची मुदत वाढवली : सहा वर्षं, आणि नोंदणी केलेल्या कागदाला बारा. म्हणजे दर तीन वर्षांनी नवा रोखा करायची सावकाराची सबब गेली.

आणखी एक गोष्ट या कायद्याने केली, ती मला जास्त महत्त्वाची वाटते. लहान दाव्यांत त्याने अपील बंदच केलं. वर जाण्यात शेतकरी भरडला जातो म्हणून. पण त्याऐवजी वरच्या न्यायाधीशाला आणि खास नेमलेल्या स्पेशल जजला खालच्या कोर्टाचे कागद मागवून तपासायचा अधिकार दिला. या स्पेशल जजच्या जागेवर न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनीही काम केलं. पद्धत किती वेगळी होती बघा. शेतकऱ्याने दिवस मोजत वरच्या दारापर्यंत यायचं, याऐवजी वरच्याने खाली येऊन कागद बघायचे. ती व्यवस्था परिपूर्ण होती असं मी म्हणत नाही. पण 'गरीब माणूस मुदतीत येणार नाही' हे गृहीत धरून कोणीतरी कायदा लिहिला होता, एवढं खरं.

आज दार कुठे कुठे बंद होतं

दिवाणी अपील ऐकलं जाण्याआधीच संपायच्या चार मुख्य जागा आहेत.

पहिली मुदत. जिल्हा कोर्टात अपिलाला ३० दिवस, हायकोर्टात ९० दिवस. नक्कल मिळायला जो वेळ लागतो तो यातून वजा होतो, पण नकलेचा अर्ज केलाच नसेल तर काय वजा होणार? उशीर झाला तर मुदतीच्या कायद्याच्या कलम ५ खाली 'पुरेसं कारण' दाखवून माफी मागायची. १९७६ च्या दुरुस्तीपासून हा माफीचा अर्ज अपिलासोबतच द्यावा लागतो.

दुसरी जागा कागद. नक्कल जोडली नाही, स्टँप कमी पडला, पानं नीट लागत नाहीत, अशी ऑफिस ऑब्जेक्शनं निघतात. ती दिलेल्या वेळात काढली नाहीत तर अपील न्यायाधीशांपुढे जाण्याआधीच मरतं.

तिसरी हजेरी. पुकारा झाला आणि आपल्या बाजूने कोणीच उभं नसेल तर अपील 'डिफॉल्ट'मध्ये काढून टाकतात. ते परत घेण्याच्या अर्जाला ३० दिवस.

चौथी आमची. पक्षकार वारला तर ९० दिवसांत त्याचे वारस लावायचे. नाही लावले तर त्याच्यापुरतं अपील आपोआप अबेट. कोणी हुकूम करावा लागत नाही. मग ते अबेट होणं रद्द करून घ्यायला आणखी ६० दिवस. त्यानंतर फक्त माफी.

वरच्या कोर्टाने काय म्हटलं

आता माफी कोणाला मिळते, यावर सुप्रीम कोर्ट साठ वर्षांहून जास्त काळ बोलतंय. सूर मात्र बदलत गेलाय.

१९६१ चं रेवा कोलफील्ड्स प्रकरण. अपील एका दिवसाने उशिरा. कारण, शेवटच्या दिवशी माणूस आजारी पडला. खालचं कोर्ट म्हणालं, आधीचे सगळे दिवस काय करत होता? निकाल लिहिला न्या. प्र. बा. गजेंद्रगडकरांनी, आपल्या साताऱ्याचे, जे पुढे देशाचे सरन्यायाधीश झाले. त्यांनी सांगितलं, मुदत ही पक्षकाराची हक्काची आहे. त्याने शेवटच्या दिवशी यायचं ठरवलं तर तो गुन्हा नव्हे. हिशेब द्यायचा तो मुदत संपल्यापासून पुढचा. पण तिथेच त्यांनी हेही बजावलं, की कारण पुरेसं असलं तरी माफी हा हक्क होत नाही, ते कोर्टाच्या विवेकावर आहे.

१९८१ साली न्या. डी. ए. देसाईंपुढे आलेलं प्रकरण हजेरीचं होतं. वकील गैरहजर, अपील गेलं. न्या. देसाईंचं म्हणणं असं, की खेड्यातल्या माणसाने वकील केला, फी भरली, म्हणजे त्याने त्याचं काम केलं. वकील कोर्टात गेला की नाही हे बघायला त्याने रोज येऊन उभं राहायचं का? वकिलाच्या चुकीची शिक्षा त्याला नको.

आणि १९८७. हे प्रकरण आजही बहुतेक माफीच्या अर्जात सापडेल. काश्मीरमधल्या अनंतनागचं भूसंपादन. जमिनीचा दर कनालला १००० वरून ८००० रुपये झाला, सरकारवर जवळजवळ १४ लाखांचा बोजा आला, आणि सरकारचं अपील चार दिवस उशिरा गेलं. हायकोर्टाने फेटाळलं. सुप्रीम कोर्टात न्या. ठक्कर यांनी माफी दिली आणि उदार धोरणाची तत्त्वंच लिहून ठेवली. उशिरा येऊन कोणाचा फायदा होत नसतो. एका बाजूला तांत्रिकता आणि दुसऱ्या बाजूला खरा न्याय असेल तर झुकतं माप न्यायाला. रोजच्या उशिराचा हिशेब मागायचा, तर मग तासाचा आणि सेकंदाचा का नाही?

तत्त्वं सुंदर आहेत आणि त्यांनी पुढे अनेक गरिबांना वाचवलंही. पण ती लिहिली गेली कोणाच्या चार दिवसांसाठी? सरकारच्या. समोर होते ते जमीन गेलेले लोक. कोर्टाने म्हटलं होतं की सरकारलाही इतरांसारखंच वागवा. पुढची अनेक वर्षं सरकारी कार्यालयांनी त्याचा अर्थ 'आम्हाला चालतं' असा घेतला. फाईल या टेबलावरून त्या टेबलावर गेली, साहेब रजेवर होते, अभिप्राय यायचा होता. अर्जातली ठरलेली वाक्यं.

१९९८ साली कोर्टाने ८८३ दिवसांचा उशीरही माफ केला. दिवस किती यापेक्षा कारण खरं वाटतं का ते बघा, असं सांगून. आणि २००८ साली केरळमधल्या एका देवस्वमच्या प्रकरणात न्या. रवींद्रन यांनी जे म्हटलं ते वाचताना मला आण्णाच दिसले. अपील दाखल झालं की ते हायकोर्टात वर्षानुवर्षं पडून असतं. तारीख नसते. वकील पक्षकाराला सांगतो, घरी जा, बोर्डावर आलं की कळवतो. अशा वेळी समोरचा माणूस जिवंत आहे की नाही यावर पक्षकाराने सतत लक्ष ठेवायचं, ही अपेक्षा चूक आहे. म्हणून अबेट झालेल्या अपिलात सढळ हात ठेवा. आण्णांना मृत्यू माहीत होता, ही आमच्या प्रकरणातली अडचण खरी. पण नियम माहीत नव्हता, आणि तारीख तर दोन वर्षं नव्हतीच.

मग वारं फिरलं, विशेषतः सरकारसाठी. २०१२ साली पोस्ट खात्याचं अपील ४२७ दिवस उशिरा आलं. कोर्ट म्हणालं, आता सगळी साधनं हातात आहेत, फाईल फिरत होती हे कारण चालणार नाही. २०१८ साली बोफोर्स. दिल्ली हायकोर्टाच्या २००५ च्या निकालाविरुद्ध सीबीआय आली साडेचार हजारांहून जास्त दिवस उशिरा. फेटाळलं. दुसऱ्या एका प्रलंबित अपिलात म्हणणं मांडायची मुभा तेवढी ठेवली. २०२० साली मध्य प्रदेश सरकार ६६३ दिवस उशिरा आलं, तेव्हा न्या. कौल यांनी दुखरी नस दाबली. काही अपिलं मुद्दाम उशिरा येतात. फेटाळली जावीत म्हणूनच येतात. वरच्या कोर्टाने फेटाळलं, असं सर्टिफिकेट फाईलला लागलं की विषय संपला, कोणाची जबाबदारी नाही. कोर्टाने २५,००० रुपये खर्च बसवला आणि तो जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करा म्हणून सांगितलं. २०२५ साली कर्नाटक हाउसिंग बोर्डाला हायकोर्टाने दिलेली ३९६६ दिवसांची माफी सुप्रीम कोर्टाने रद्द केली.

हे निकाल मला पटतात. ज्याच्याकडे विधी विभाग आहे, पगारी वकील आहेत, त्याला अकरा-बारा वर्षं कशाला? समोरचा जिंकलेला माणूस तोवर म्हातारा होतो. पण भीती अशी, की कडक निकाल लिहिले जातात सरकारच्या उशिरासाठी, आणि उद्या तेच वाचून दाखवले जातात एखाद्या विधवेच्या ४० दिवसांच्या उशिरापुढे. १९८७ ला सवलत सरकारच्या निमित्ताने आली. आता शिस्तही सरकारच्या निमित्ताने येतेय. तिची किंमत दुसऱ्याच कोणी मोजू नये.

घड्याळ थांबवता येत नाही असंही नाही. करोनात सुप्रीम कोर्टाने आपणहून ते थांबवलं होतं. १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीत धरायचा नाही, असं साऱ्या देशासाठी ठरलं. का? तर लोक कोर्टापर्यंत पोहोचू शकत नव्हते. बरोबरच केलं. फक्त एवढंच म्हणतो, की काही लोक लॉकडाऊन नसतानाही पोहोचू शकत नाहीत.

माझं म्हणणं एवढंच

मुदत हवी. चुलत्यांच्या पोरांनाही पाऊण एकरात निर्धास्त पेरणी करायचा हक्क होता, आणि आज ते आमच्याशी बोलतात, वाटाही नीट आहेत. पण केस हरणं वेगळं आणि दाराबाहेर राहणं वेगळं. आपल्याकडे दोन्हीला 'फेटाळलं' म्हणतात, आणि घरातली माणसं आयुष्यभर समजत राहतात की आपलीच बाजू खोटी होती. आण्णा तसंच समजून गेले. ज्याचं अपील न ऐकता संपलं, त्याला निदान साध्या मराठीत दोन ओळींत सांगावं, की तुझं म्हणणं आम्ही तपासलेलं नाही, आणि अजून हा मार्ग आणि इतके दिवस शिल्लक आहेत. त्याला फार खर्च येणार नाही.

तोवर आपणच काळजी घ्यायची. निकाल लागला की त्याच आठवड्यात नकलेचा अर्ज करा. पावती जपून ठेवा. केसचा सीएनआर नंबर वकिलांकडून लिहून घ्या आणि ई-कोर्ट्‌सच्या ॲपवर महिन्यातून एकदा तारीख बघा, घरातल्या कॉलेजच्या पोराला सांगितलं तरी होईल. केसमधलं कोणीही, आपल्याकडचं किंवा समोरचं, वारलं तर दहाव्याच्या आधी वकिलांना फोन करा. ऐकायला वाईट वाटतं, पण करा. वकील परवडत नसेल तर तालुक्याच्या विधी सेवा समितीत जा. महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

तुमच्याही माळ्यावर एखादी पेटी असेल तर उघडा आणि शेवटचं पान वाचा. आपण खरंच हरलो होतो का, की आपल्याला कोणी ऐकलंच नव्हतं? काय निघालं ते खाली लिहा. नावं-गावं नकोत, झालं काय तेवढं सांगा.

आमची नक्कल मी वडिलांना वाचून दाखवली. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "म्हणजे आण्णा खोटे ठरले नव्हते तर." पाऊण एकर आता काही परत येत नाही. पण आमच्या घरात यापुढे 'आण्णा केस हरले' असं कोणी म्हणणार नाही.